जुना सीपीयू, जुनी गाणी : वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात मी सहज एक ओळ टाकली होती की घरात गाण्यांच्या कामाचा जुना कॉम्प्युटर पडला असेल तर भंगारवाल्याला द्यायच्या आधी मला विचारा, आणि तुम्ही खरंच विचारलंत की हो. मेल, पत्रं, व्हॉट्सॲपवर उघड्या सीपीयूचे फोटो, एका काकांनी तर मदरबोर्डवर वाळून गेलेल्या पालीचा फोटो पाठवलाय (काका, फोटो छापत नाही, पण पाल आधी काढा). सगळ्यांना उत्तरं देणं शक्य नाही. काही घेतलीत, आणि पहिला प्रश्न बऱ्याच जणांचा थोड्याफार फरकाने तोच आहे म्हणून तिथे जरा जास्त लांबलंय.

प्रश्न : माझे पप्पा भजनी मंडळांसाठी आणि छोट्या ऑर्केस्ट्रांसाठी म्युझिक अरेंज करायचे. २००० ते २००६ मधली त्यांची चाळीसेक गाणी एका पेंटियम थ्री मशीनवर आहेत, विंडोज ९८ आणि क्यूबेस व्हीएसटी ५ (गाणी रेकॉर्ड-अरेंज करायचं सॉफ्टवेअर). आठ-नऊ वर्षं माळ्यावर होता. परवा चालू केला तर सीमॉस चेकसम एरर आला, एफ१ दाबल्यावर पुढे गेला. डॉट ऑल नावाच्या फाइली दिसतात पण पेन ड्राइव्ह लावला तर तो दिसतच नाही. मागे प्रिंटरच्या जागी एक छोटी डबी लावलेली आहे ती काय आहे? आणि ह्या फाइली माझ्या विंडोज ११ च्या लॅपटॉपवर उघडतील का? (परळ)

उत्तर : ताई, पहिलं म्हणजे तो चालू करणं थांबवा. "अजून एकदा बघूया" असं करता करताच जुन्या हार्ड डिस्क जातात. बाकीचा डबा मेला तरी दुसरा मिळेल, पप्पांची डिस्क दुसरी मिळणार नाही.

वायर काढा, बाजूचं झाकण उघडा. हार्ड डिस्कला मागे रुंद चपटी रिबन केबल आणि चार पिनांची पॉवर असेल, ती आयडीई डिस्क. ग्रँट रोडला उतरून लॅमिंग्टन रोडवर जा, पार्ट्सच्या दुकानात "आयडीई टू यूएसबी" मागा, आणि त्याच्याबरोबर वेगळा पॉवर अडॅप्टर आहे ना ते तिथेच डबा उघडून बघा, कारण साडेतीन इंची डिस्क नुसत्या यूएसबीच्या करंटवर फिरत नाही. डिस्कवर रिबन आणि पॉवरच्या मध्ये एक इवलासा जंपर असतो तो मास्टरवर ठेवा, कुठली पिन ते डिस्कच्या स्टिकरवर छापलेलं असतं. मग लॅपटॉपला लावा. ९८ ची डिस्क बहुतेक फॅट ३२ असते आणि ते विंडोज ११ आरामात वाचतं. "फॉरमॅट करायचं का" असं विचारलं तर नाही. तीनदा विचारलं तरी नाही.

आणि फोल्डर कॉपी-पेस्ट करत बसू नका, आख्ख्या डिस्कची इमेज, म्हणजे एकाच फाइलीत हुबेहूब नक्कल, घ्या. डिस्क खरखरत असेल तर लिनक्सवालं डीडीरेस्क्यू वापरा किंवा वापरता येणाऱ्या कुणालातरी घरी बोलवा, ते आधी सोपा भाग उचलून घेतं आणि जिथे अडलं तिथे नंतर परत येतं. मी हे एवढं कळकळीने का सांगतोय तर माझा स्वतःचा सीपीयू २००८ साली "स्लो झालाय" म्हणून मी एका दुकानात टाकला, तिथल्या पोराने अगदी प्रेमाने फॉरमॅट मारून नवीन विंडोज टाकून दिलं, वर साफसफाईही करून दिली. अकरा गाणी गेली. त्यातलं एक मला अजून आठवतं, फक्त अंतरा आठवत नाही.

आता फाइलींचं. डॉट ऑल फाइलमध्ये गाणं असतं पण आवाज नसतो. म्हणजे कुठला ट्रॅक कुठून सुरू होतो, मिडीचे सूर (म्हणजे वाद्याला दिलेल्या सूचना), मिक्सरच्या सेटिंग हे सगळं त्यात असतं, पण डबिंग केलेला गळा, ढोलकी, बासरी हे वेगळ्या वेव्ह फाइलींमध्ये असतं आणि ऑल फाइलीत फक्त त्यांचा पत्ता असतो. लोक ऑल फाइली तेवढ्या उचलून आणतात आणि मग म्हणतात गाणं उघडलं पण मुकं आहे. तुम्ही डिस्कची इमेज घेतली असेल तर हा घोळ होणारच नाही. आजच्या क्यूबेसमध्ये मात्र ह्या फाइली उघडत नाहीत. मधल्या काळातलं क्यूबेस एसएक्स, २००२ पासून आलेलं, तिसऱ्या व्हर्जनपर्यंत ह्या वाचायचं. ते आता शोधायचं, त्याचा यूएसबी डोंगल (ज्याच्याशिवाय ते उघडत नाही ती किल्ली) शोधायचा, आणि क्यूबेसवाल्या स्टाइनबर्गने त्या डोंगलची ई-लायसेन्सर सेवा २०२५ च्या मे महिन्यात बंद केलीय. त्यापेक्षा जे मशीन आज जिवंत आहे त्यातूनच काम काढून घ्या.

मागची डबी म्हणजे डोंगल, क्यूबेसची किल्ली. ती नसेल तर क्यूबेस उघडणारच नाही. हरवू नका, आणि यूएसबीला प्रिंटर पोर्ट देणारी केबल घेऊन लॅपटॉपला लावायचा विचार करू नका, त्या केबली फक्त प्रिंटरशी बोलतात. सीमॉसचा एरर म्हणजे मदरबोर्डवरचा सेल संपलाय, सीआर २०३२, घड्याळवाल्याकडेही मिळतो. बदलल्यावर बायोसमध्ये (मशीनच्या मूळ सेटिंगमध्ये) तारीख घाला, डिस्क ऑटो डिटेक्ट करा, आणि पॅरलल पोर्ट चालू आहे ना बघा, सेल गेल्यावर कधीकधी तोच बंद होऊन बसतो आणि माणूस म्हणतो डोंगल मेला.

इमेज हातात आली की डिस्क परत बसवा, क्यूबेस उघडा, आणि एकेक गाणं घेऊन प्रत्येक ट्रॅक सोलो करून (बाकीचे गप्प करून) पहिल्या बारपासून शेवटपर्यंत वेव्ह एक्सपोर्ट करा. पहिल्या बारपासून म्हणजे ट्रॅक दोन मिनिटांनी सुरू होत असला तरी आधीची शांतता धरून, म्हणजे पुढे कुठल्याही सॉफ्टवेअरमध्ये सगळे ट्रॅक शून्यावर ठेवले की आपोआप जुळतात. फाइलच्या नावात टेम्पो लिहा. हिशोब सांगतो, १६ बिट ४४.१ चा मोनो ट्रॅक मिनिटाला साधारण ५.३ एमबी खातो, पाच मिनिटांचं गाणं, दहा ट्रॅक, म्हणजे २६५ एमबी, आणि चाळीस गाणी म्हणजे साडेदहा जीबीच्या आसपास. डिस्क २० जीबीची असेल तर बहुतेक एका दमात मावणार नाही, थोडी थोडी करा. विंडोज ९८ ला पेन ड्राइव्ह ओळखायला वेगळा ड्रायव्हर लागतो म्हणून तुमचा दिसला नाही, त्याच्या मागे लागू नका, डिस्क परत काढून कन्व्हर्टरवरून फाइली घ्या. आणि कोणी म्हणालं रॅम वाढव तर ऐकू नका, ९८ ला ५१२ एमबीच्या वर रॅम दिली की ते उलट रडतं.

एक मोठी अडचण राहतेच. मिडीचे ट्रॅक. मिडीमध्ये आवाज नसतो, फक्त "हा सूर, एवढ्या जोरात, इतका वेळ" एवढंच असतं, आवाज बाहेरच्या कीबोर्डमधून किंवा साउंड मॉड्यूलमधून यायचा. एक्सपोर्ट मारलं तर तो आवाज फाइलीत येत नाही, आधी मॉड्यूलचा आउटपुट साउंड कार्डात घेऊन ऑडिओ ट्रॅकवर रेकॉर्ड करावा लागतो. पप्पांचा मॉड्यूल कुठाय? घरात नसेल तर त्यांच्या ऑर्केस्ट्रातल्या कीबोर्डवाल्याला विचारा. कारण १९९१ च्या जनरल मिडीच्या, म्हणजे सगळ्या कीबोर्डांसाठी ठरवलेल्या आवाजांच्या, यादीत १०५ नंबरला सतार आहे, ११२ ला सनई आहे, पण दहाव्या चॅनलच्या तालवाद्यांत तबला नाही आणि ढोलकीही नाही. भजनाचा सगळा ठेका त्या मॉड्यूलच्या देशी टोनवर असणार, आणि तो नसताना तुम्ही मिडी फाइल लॅपटॉपवर लावलीत तर ढोलकीच्या जागी काउबेल आणि टाळ्या वाजतील, हसावं की रडावं कळत नाही. तरीही प्रत्येक गाण्याची मिडी फाइल टाइप १ मध्ये (त्यात ट्रॅक वेगवेगळे राहतात) काढून ठेवाच.

अजून एक, गाण्यांचे शब्द पप्पांनी त्याच मशीनवर वर्डमध्ये टाइप केले असतील तर ते श्रीलिपीसारख्या जुन्या फॉन्टमध्ये असतील आणि तुमच्याकडे उघडल्यावर नुसती इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसेल. विंडोजच्या फोल्डरमधला फॉन्ट्सचा फोल्डरही उचलून आणा, म्हणजे वाचता येईल.

प्रश्न : माझ्याकडे केकवॉक प्रो ऑडिओ ९ च्या सीडीवर बॅकअप घेतलेल्या फाइली आहेत. कंपनी बंद झाली असं ऐकलं. आता काय? (बोरिवली)

उत्तर : तुमचं नशीब परळवाल्या ताईंपेक्षा बरं आहे. गिटारवाल्या गिब्सनने केकवॉक २०१७ च्या नोव्हेंबरात गुंडाळलं खरं, पण २०१८ च्या फेब्रुवारीत बँडलॅबने ते विकत घेतलं आणि पुढे चालवलं. जुन्या डब्ल्यूआरके फाइली नवीन केकवॉक उघडतं. बॅकअप बंडल म्हणून घेतला असेल तर त्यात आवाजही आतच भरलेला असतो, म्हणजे पत्त्यांची भानगड नाही. सीडी मात्र आजच वाचून घ्या. मुंबईच्या हवेत घरी लिहिलेल्या सीडीवर बुरशीचे ठिपके येतात आणि मग ड्राइव्ह नुसता घुईंऽऽ करत बसतो.

प्रश्न : काकांनी १९९० च्या सुमारास मस्कतहून एक अटारी १०४० एसटी आणला होता, तो गिरगावच्या घरात कपाटात सापडला. कीबोर्डमध्येच सगळा कॉम्प्युटर आहे, बाजूला फ्लॉपी, आणि मिडीच्या दोन गोल सॉकेट! काका म्हणतात ह्याच्यावर गाणी व्हायची. हे खरं आहे का आणि हा चालेल का? (गिरगाव)

उत्तर : चालेल का म्हणजे काय, दादा, तुमच्या कपाटात सोनं पडलंय. अटारीने १९८५ मध्ये ५२० एसटी काढला, पुढच्या वर्षी १०४०, आणि त्या काळात घरगुती कॉम्प्युटरला मिडी लावायचं तर वेगळं कार्ड घ्यावं लागायचं तेव्हा ह्यांनी सॉकेटच आत देऊन टाकल्या. म्हणून जर्मनीतले सॉफ्टवेअरवाले ह्याच्यावर तुटून पडले, स्टाइनबर्गचं पहिलं क्यूबेस १९८९ मध्ये ह्याच मशीनवर आलं, सी-लॅबचं क्रिएटर आणि नोटेटरही ह्याच्यावरच, ज्याच्यातून पुढे लॉजिक झालं. ८ मेगाहर्ट्झचा मोटोरोला ६८००० प्रोसेसर आणि १ एमबी रॅम. आजच्या एका फोटोला एवढी जागा पुरत नाही. पण मशीनला दुसरं काही कामच नाही, नेट नाही, अपडेट नाही, अँटिव्हायरस नाही, त्यामुळे मिडीची नोट जिथे पडायला पाहिजे तिथेच पडते. ठेका घट्ट बसतो. हे मी ऐकीव सांगत नाही, एका मित्राच्या अटारीवर ऑक्टोपॅड लावून बघितलंय, त्यानंतर माझ्या लॅपटॉपवर तोच पॅटर्न जरा झिंगल्यासारखा वाटायला लागला (तेवढं मनाचं असेलही).

प्लग लावायच्या आधी उलटा करून स्टिकर वाचा. मस्कतचा आहे म्हणजे बहुतेक २२०-२४० व्होल्टचाच असणार, पण ११० वाला निघाला आणि आपल्या २३० ला लावलात तर धूर. आतला पॉवर सप्लाय तीसेक वर्षांहून जुना आहे, आधी कुठल्यातरी टीव्ही-रेडिओ दुरुस्त करणाऱ्या जुन्या मेकॅनिककडून त्याचे कपॅसिटर बघून घ्या, फुगलेले असतील तर बदला. नवीन पोरं बोर्ड बदलतात, कपॅसिटर बदलणारे आता म्हातारेच राहिलेत.

क्यूबेस चालवायला ६४० बाय ४०० चा ब्लॅक अँड व्हाइट मोड लागतो, साध्या टीव्हीवर तो दिसणार नाही. काकांकडे अटारीचा एसएम १२४ मॉनिटर असेल तर प्रश्नच नाही, नसेल तर अटारीच्या १३ पिनांच्या सॉकेटपासून व्हीजीएची केबल बनवून घ्यावी लागेल, आणि ते चित्र सेकंदाला ७१ वेळा येतं म्हणून प्रत्येक एलसीडी ते घेईलच असं नाही, दोन-तीन लावून बघा. आणि डोंगल! डाव्या बाजूला कार्ट्रिजची फट आहे, तिथे क्यूबेसची किल्ली बसायची. मशीन चालू असताना ती काढायची-घालायची नाही, कधीच नाही. कपाट पुन्हा धुंडाळा, काडेपेटीएवढं काहीतरी काळं प्लास्टिक कुठे पडलंय का ते.

फ्लॉपी ७२० केबीच्या आणि बहुतेक बुरसटलेल्या असतील. जी वाचते तिची लगेच इमेज करा. पुढे फ्लॉपी ड्राइव्हच्या जागी गोटेक म्हणून मिळतो तो बसवता येतो, पेन ड्राइव्हला फ्लॉपी समजायला लावतो. ऑर्केस्ट्रावाल्यांनो तुम्हीही ऐका, तुमच्या जुन्या फ्लॉपीवाल्या कीबोर्डांना पण हाच उपाय बऱ्याचदा लागू पडतो, विकत घेताना तुमच्या मॉडेलला चालतो का एवढं विचारून घ्या.

प्रश्न : भाऊ २००४-०५ ला विसर्जनाचे हलगी-ताशाचे मिक्स फ्रूटी लूप्स मध्ये बनवलेले ते आता एफएल स्टुडिओ मध्ये उघडतो तर अर्ध्या जागी प्लगइन मिसिंग येतं आणि सॅम्पल पण सापडत नाही म्हणतो, जुना पीसी अजून आहे एक्सपी वाला, काय करू (घाटकोपर)

उत्तर : एफएल ह्या बाबतीत दिलदार आहे भाऊ, फ्रूटी लूप्सच्या जमान्यातली एफएलपी फाइल अजून उघडतो, नाव २००३ मध्ये बदललं तरी घर तेच. त्याचे स्वतःचे चॅनल, म्हणजे सॅम्पलर वगैरे, व्यवस्थित येतील. मिसिंग येतात ती बाहेरची प्लगइन, म्हणजे वरून जोडलेली वाद्यं आणि इफेक्ट. तेव्हाची सगळी ३२ बिट, आणि फुकटातली कितीतरी सिंथएडिटमध्ये कुणीतरी घरी बसून बनवलेली, बनवणारा आता कुठे असेल देव जाणे, ६४ बिटवालं व्हर्जन त्याने कधी काढलंच नाही. विंडोजवर एफएल ३२ बिट प्लगइन आपल्याआपण ब्रिज करून चालवतो, तेव्हा जुन्या पीसीतल्या व्हीएसटी प्लगइनच्या फोल्डरमधली डीएलएल उचलून नव्यात टाका आणि स्कॅन मारा, बरीचशी उठतील. गाणी बनवायच्या बाकीच्या सॉफ्टवेअरमध्ये त्यासाठी जे-ब्रिज चालतं. मॅकवर मात्र हे विसरा, ॲपलने २०१९ च्या कॅटलिनापासून ३२ बिट सगळंच बंद केलं.

सॅम्पलचं सोपं आहे, जुन्या पीसीवर गाणं उघडून एक्सपोर्टमध्ये झिप्ड लूप पॅकेज निवडा, वापरलेली सगळी सॅम्पल गोळा करून एका झिपमध्ये बांधून देतो. पण ज्या प्लगइनचा काहीच पत्ता नाही त्याचा ट्रॅक तिथेच वेव्ह करून घ्या. पुढच्या गणपतीला नवीन मिक्स करायचाच आहे ना, मग वेव्हवरच करा, दगडी असतं ते, हलत नाही.

तुम्ही लिहिलं नाहीत पण मला माहितीये, २००४ ला फ्रूटी लूप्स कुठून आलं होतं. फुटपाथवरची सीडी, पेनाने नाव लिहिलेली. आमचंही तेच होतं, साधूचा आव आणत नाही. पण एफएलचं लायसन्स एकदा विकत घेतलं की पुढचे सगळे अपडेट आयुष्यभर फुकट असतात, तेव्हाच घेतलं असतं तर आज हा प्रश्न निम्माच उरला असता. आता तरी घ्या. आणि जुन्या पीसीत क्रॅकची फाइल असेल तर ती नवीन मशीनवर आणू नका, गाण्यांबरोबर व्हायरसची वरात येते.

प्रश्न : एक्सपीवाला पीसी रेकॉर्डिंगला अजून झकास चालतो. वायफायचा डोंगल लावून अपडेट करून घेऊ का? कधीकधी चालू करताना तीनदा पीप वाजतो. (दादर)

उत्तर : नको! एक्सपीचे अपडेट मायक्रोसॉफ्टने ८ एप्रिल २०१४ ला थांबवले, आता त्याला नेटवर सोडणं म्हणजे पावसात दार उघडं टाकून गावाला जाणं. नेटची वायर काढा, अँटिव्हायरसही काढा, तो नुसता मध्ये मध्ये डिस्क खाजवतो आणि रेकॉर्डिंगला क्लिक येतात. जसा चालतोय तसा ठेवा. पीपचं कारण बायोसप्रमाणे बदलतं पण निम्म्या वेळा रॅम असते, कांडी काढा, सोनेरी पट्टीवर पांढरा खोडरबर हलक्या हाताने फिरवा, झटका, परत बसवा. आपल्या दमट हवेत ती पट्टी काळवंडते. पावसाळ्यात आठवड्यातून एकदा तासभर चालू ठेवलात तर आतलं बाष्पही निघून जातं.

प्रश्न : अंधेरीतला एक स्टुडिओ बंद झाला तेव्हा तिथला पॉवर मॅक जी४ मी घेतला, ओएस ९ आहे. त्यातली सेशन्स मी पेन ड्राइव्हवर घेऊन विंडोजवर आणली तर ऑडिओ फाइली उघडतच नाहीत, एका प्रोग्रॅममध्ये उघडली तर नुसती खरखर. नावाच्या शेवटी एसडी२ आहे. फाइली खराब झाल्या का? (जोगेश्वरी)

उत्तर : खराब नाही झाल्या, अर्ध्याच आल्या. हा जुन्या मॅकचा खास चकवा आहे आणि ह्याच्यात भल्याभल्यांची सेशन्स गेलीत. एसडी२ म्हणजे साउंड डिझायनर टू, डिजिडिझाइनचा फॉरमॅट. जुन्या मॅकवर एका फाइलीला दोन कप्पे असायचे, एकात माल आणि दुसऱ्यात मालाची चिठ्ठी, त्याला रिसोर्स फोर्क म्हणायचे. एसडी२ मध्ये आवाज पहिल्या कप्प्यात असतो, आणि तो किती बिटचा, किती हर्ट्झचा, मोनो की स्टिरिओ हे सगळं चिठ्ठीत. विंडोजच्या पद्धतीच्या पेन ड्राइव्हवर टाकलंत की चिठ्ठी गळून पडते, मग समोरचा प्रोग्रॅम म्हणतो हे काय आहे मला माहीत नाही.

मॅकवर ओरिजिनल अजून आहेत ना? असतील तर त्याच मशीनवर ते वेव्ह किंवा एआयएफएफ करून मग बाहेर काढा. मॅकवरच्या पुसून टाकल्या असतील तरी एक रस्ता आहे, ऑडॅसिटीमध्ये इम्पोर्टमध्ये जाऊन रॉ डेटा निवडा, १६ बिट, बिग एंडियन, ४४१०० टाका, खरखरीच्या जागी गाणं यायला लागेल. आवाज आला पण चिपमंकसारखा किंवा भुतासारखा, तर ४८००० करून बघा, मोनोचं स्टिरिओ करून बघा, २४ बिट करून बघा. तासाभराचा खेळ आहे, पण पहिल्यांदा त्या खरखरीतून गळा निघतो तेव्हा अंगावर काटा येतो हो.

फायरवायर (जुन्या मॅकवरचं केबल जोडायचं पोर्ट) असलेल्या बहुतेक जी४ मध्ये अजून एक सोय आहे. चालू करताना टी दाबून धरा, तो टार्गेट डिस्क मोडमध्ये जाऊन आख्खाच्या आख्खा बाहेरची हार्ड डिस्क बनतो, आणि फायरवायरवाल्या दुसऱ्या मॅकला जोडून सगळं जसंच्या तसं, दोन्ही कप्प्यांसकट घेता येतं. दुसरा मॅक जुनाच बघा पण, २०२५ च्या टाहो ह्या मॅकओएसमध्ये ॲपलने फायरवायरच काढून टाकलं. कुणाच्या घरी सात-आठ वर्षांपूर्वीचं मॅकबुक असेल ते आणि लागणारे अडॅप्टर दोन दिवस उसने घ्या.

प्रश्न : मी मुलांना कीबोर्ड शिकवते. जुन्या एक्सपीच्या पीसीत साउंड ब्लास्टर लाइव्ह कार्ड होतं, त्याच्या १५ पिनांच्या पोर्टला मिडी केबल लावून सगळं चालायचं. आता मुलाने नवीन लॅपटॉप दिला, स्वस्तातली यूएसबी मिडी केबल घेतली, तर बोट दाबल्यावर आवाज उशिरा येतो. नवीन मशीन जुन्यापेक्षा हळू कसं? (मुलुंड)

उत्तर : ताई, मशीन हळू नाही आणि बहुतेक केबलही नाही. मिडी १९८३ चं आहे, सेकंदाला ३१,२५० बिट एवढाच त्याचा वेग, पण एक नोट पोचायला साधारण १ मिलिसेकंद लागतो, म्हणजे तिथे काही अडत नाही. उशीर होतो तो आवाज तयार होऊन बाहेर यायला. तुमच्या जुन्या कार्डात टोन कार्डावरच्या चिपमध्येच वाजायचे, नोट आली की वाजला. लॅपटॉपवर तो सॉफ्टवेअरने बनवायचा आणि विंडोजच्या नेहमीच्या ड्रायव्हरमधून रांगेत उभं राहून बाहेर यायचं. ती रांग म्हणजे बफर. २०४८ सॅम्पलचा बफर असेल तर ४६ मिलिसेकंद, बोटाला कळतं. २५६ केला तर सहाच्याही आत, कळत नाही. त्यासाठी अझिओ, म्हणजे ती रांग आखूड करणारा, ड्रायव्हर लागतो, तुमच्याकडे वेगळा ऑडिओ इंटरफेस नसेल तर अझिओ फोर ऑल हा फुकट आहे, तो टाका, प्रोग्रॅममध्ये तो निवडा, बफर खाली आणत जा, चरचर यायला लागली की एक पायरी वर.

आणि आवाज ब्लूटूथ स्पीकरवर ऐकत नाही ना तुम्ही? तसं असेल तर वर लिहिलेलं सगळं राहू द्या, आधी वायरवाला स्पीकर लावा.

जुनं कार्ड नवीन मशीनला लावायचं डोक्यातून काढा, लॅपटॉपला तो स्लॉट नाही आणि गेमपोर्टचा सपोर्ट विंडोजने व्हिस्टापासूनच सोडला. एक्सपीचा पीसी चालत असेल तर क्लासला तोच ठेवा, मुलाला वाईट वाटलं तरी.

प्रश्न : आमच्याकडे २००१ चा असेंबल केलेला सीपीयू आहे, मिस्टर ह्याच्यावर कॅराओके ट्रॅक बनवायचे, आता ते म्हणतात देऊन टाक. भंगारवाला किलोवर मागतोय. देऊ का? (भांडुप)

उत्तर : द्या, पण आधी हार्ड डिस्क काढून घ्या, चार स्क्रू असतात. मिस्टर आत्ता म्हणतायत नको, दिवाळीत पाहुणे जमले की तेच विचारतील तो अमुक गाण्याचा ट्रॅक कुठाय. आणि मागच्या बाजूला १५ पिनांचा पोर्ट असलेलं साउंड कार्ड निघालं तर ते पण भंगारात नको, आमच्याकडे पाठवा. मुलुंडच्या ताईंना स्पेअर म्हणून लागेल.